नाथा वस्तादाचे अडीच पिच्चर

नाथा वस्तादाने आयुष्यात अडीच पिच्चर काढले. दोन फिरत्या सिनेमाच्या तंबूत लागले, तिसरा अर्ध्यावर राहिला. दुष्काळामुळे राहिला, असं तो पुढे सांगत असे आणि ऐकणारे मान डोलवत, कारण बहात्तर-त्र्याहत्तर सालात कोणाचं काय काय अर्ध्यावर राहिलं याला मोजदाद नाही. पण ती शुद्ध थाप होती. खरं कारण त्याच्या बायकोला, लंकाबाईला ठाऊक होतं. तिच्या पाठच्या भावाचा, सूर्यभानाचा जीव त्या पिच्चरांत गुंतला होता, आणि तो सोडवून आणायला तिला पुरं वर्ष लागलं.

वस्तादाचं पाळण्यातलं नाव गोरक्षनाथ. घोडेगावाहून मुळा नदीच्या पात्राकडे जाणाऱ्या वाटेवर त्याची वस्ती होती. चार-पाच एकर कोरडवाहू जमीन होती आणि तिच्याकडे त्याचं लक्ष नव्हतं. लक्ष सगळं तालमीत. त्यातही कुस्तीपेक्षा दांडपट्ट्याचं वेड. पट्टा म्हणजे लांब, लवलवती तलवार. तिच्या मुठीवर लोखंडी खोबळा असतो, त्यात कोपरापर्यंत हात घालायचा आणि मग तो हातच तलवार होतो. मनात आलं म्हणून पटकन टाकून देता येत नाही. जत्रेत नाथा एखाद्या गड्याच्या मानेवर लिंबू ठेवून डोळ्याचं पातं लवायच्या आत त्याच्या दोन फोडी करी, आणि गडी मान चोळत हसत उठे. त्याच्या हातून कधी कोणाला ओरखडा आला नव्हता. म्हणूनच तालमीत एक रीत पडली होती. हत्यार वस्तादाच्या हातून घ्यायचं आणि त्याच्याच हातात परत द्यायचं. धारेला बोट लावून बघायचं नाही. ज्याने बघितलं त्याचा वस्तादावर भरवसा नाही, त्याने उद्यापासून यायची गरज नाही.

सूर्यभान याच रीतीत वाढला. लंकाबाईचं माहेर शिंगणापूरचं, चौकटीला दार नसलेल्या घरातलं. आई गेली तेव्हा सूर्यभान नऊ वर्षांचा होता. लंकाबाईने त्याला आपल्याबरोबर सासरी आणला, दुधात भाकरी चुरून घातली, आणि नवऱ्याने त्याच्या हातात लाठी दिली. विशी गाठेपर्यंत तो वस्तादापेक्षा सरस झाला. आक्काचं तो ऐकायचा, पण दाजींचा शब्द म्हणजे ब्रह्मवाक्य. याचं लंकाबाईला आधी फार कौतुक होतं. पुढे त्याच गोष्टीची तिला धास्ती वाटू लागली.

पिच्चरचं खूळ घोडेगावच्या बाजाराने लावून दिलं. कोल्हापूरची एक सिनेमा कंपनी घोडी बघायला बाजारात आली होती. घोड्यांचा सौदा फिसकटला, पण त्यांना नाथाचा पट्टा दिसला आणि ती मंडळी घोड्याऐवजी माणूस घेऊन गेली. तीन वर्षं तो तिकडे मारामाऱ्या बसवत होता. नटाला तलवार धरायला शिकवायचं, आणि नटाचा हात मुरगळला की त्याचे कपडे घालून आपण लढायचं, कॅमेऱ्याकडे पाठ करून. पाठच करायची, कारण तोंड नटाचं. एकाहत्तरच्या सुरुवातीला तो परत आला तेव्हा त्याच्यासोबत राधाकृष्ण नावाचा कॅमेरावाला होता, बॅटरीवर चालणारा एक जुना कॅमेरा होता, आणि डोक्यात दिग्दर्शक व्हायचं भूत होतं. राधाकृष्ण दिवसाला दहा शब्द पुरवून पुरवून वापरायचा. वस्तादाने हात वर केला की यंत्र सुरू करायचं, वस्ताद ‘कट’ म्हणाला की बंद करायचं, एवढाच त्याचा जगाशी संबंध.

नगरच्या एका तंबूवाल्याने भरीला घातलं आणि पहिला पिच्चर तीन महिन्यांत उभा राहिला. नायक सूर्यभान, खलनायक तालमीतला मच्छिंद्र, घोडी बाजारातली, तलवारी पत्र्याच्या आणि वर चंदेरी रंग. नेवाशाच्या तंबूत तो लागला तेव्हा सगळी वस्ती गाड्या जुंपून गेली. पहिली मारामारी सुरू झाली आणि नायकाची तलवार खलनायकाच्या खांद्यावर बसून वाकली. वाकली ती वाकलीच. तंबू खदखदून हसला. पुढे बसलेला एक म्हातारा मोठ्याने म्हणाला, "ह्याच्यापरीस आमची सून इळ्यानं मेथी बरी कापती!" मग काय, दर मारामारीला लोक ‘मेथी, मेथी’ म्हणून ओरडायला लागले.

लंकाबाईसुद्धा हसली. तोंडाला पदर लावून, पण हसली. मग तिने शेजारी बघितलं. नवरा हसत नव्हता आणि चिडलेलाही नव्हता. पडद्याकडे तर तो बघतच नव्हता. तो मागे वळून लोकांची तोंडं बघत होता, एकेक करून, बाजारातला व्यापारी बैलाचे दात बघतो तसा. तिचं हसू जागच्या जागी विरलं. परतताना गाडीत तो एवढंच म्हणाला, "खोटं असलं की लोकास्नी दिसतं. लोक येडे न्हाईत."

त्यानंतर त्याने पत्र्याच्या तलवारी भंगारात घातल्या. तालमीतले चार खरे पट्टे काढले, कानस घेऊन स्वतः बसला आणि त्यांची धार घासून बोथट केली. वजन खरं, चमक खरी, धार तेवढी नाही. दुसऱ्या पिच्चरला हेच पट्टे वापरायचे ठरले. घरी यातलं काही सांगायची त्याला गरज वाटली नाही. लंकाबाईच्या लेखी शूटिंगच्या तलवारी पत्र्याच्या, आणि पट्टे तालमीचे, पूजेचे.

बहात्तरचा दसरा कोरडा आला. विहिरींनी तळ दाखवला होता, निम्मं गाव दुष्काळी कामावर खडी फोडायला जात होतं. नाथा तिथलीच माणसं आणून पिच्चरमधलं सैन्य म्हणून उभी करी, आणि ते सैन्य असं, की एकेकाची हाडं मोजता येतील. नवमीच्या आदल्या दिवशी पट्ट्यांची पेटी पूजेसाठी घरी आली. तिने पेटी उघडली, पट्टे बाहेर काढले आणि कपाळाला हात लावला. चारही पाती आंधळी. त्यांनी लोणीसुद्धा कापलं नसतं.

आता तिच्या माहेरची रीत अशी, की खंडेनवमीला घरातल्या प्रत्येक पात्याला आधी धार लावायची, मगच त्याला हळदकुंकू. कोयता असो, विळा असो, खुरपं असो. बोथट पातं देवीपुढे मांडणं म्हणजे शिळा निवद दाखवणं. "पिच्चरच्या नादात तालमीची हत्यारं पार धुळीला मिळवली," असं पुटपुटत तिने चारही पट्टे गोणपाटात गुंडाळले आणि बन्सी लोहाराकडे नेले. बन्सी जुन्या वळणाचा माणूस. नवमीचं काम म्हटल्यावर त्याने जीव ओतला. संध्याकाळी पट्टे परत देताना म्हणाला, "वैनी, जपून धरा. वरून पान पडलं तर त्याचे दोन हुतील." तिला बरं वाटलं. दुसऱ्या दिवशी पूजा झाली, मिळाली तेवढी झेंडूची फुलं वाहिली गेली. नाथा उशिरा आला, उभ्या उभ्या हात जोडले आणि जेवायला बसला. त्याच्या डोक्यात दसऱ्याच्या मुहूर्तावर घ्यायची मोठी मारामारी होती. सकाळी तो पेटी घेऊन नदीवर गेला तेव्हा लंकाबाई गोठ्यात होती.

दुपारी बन्सी लोहार आपट्याची पानं द्यायला आला.

"लई झ्याक दिसतायत पट्टे नदीवर," तो म्हणाला. "मी आत्ता तिकडूनच आलो. सूर्यभान फिरवतुय."

"कंचे पट्टे?"

"आपलेच की. नवमीचे."

"ते पूजेचे हायत. शूटिंगला पत्र्याचे असत्यात."

"पत्र्याचे तर कवाच भंगारात गेले, वैनी. मीच नेले न्हवं का?"

आपट्याची पानं लंकाबाईच्या हातातच राहिली, वहाणा दाराशीच राहिल्या. नदी कोसभर दूर होती. ती धावत सुटली आणि वाटभर तिच्या डोक्यात एकच गोष्ट घुमत होती, की ती धार तिने लावून आणली होती. दुसऱ्या कोणी नाही. नऊ वर्षांच्या पोराला भरवणाऱ्या हातांनी.

मुळेचं पात्र वाळूने पांढरं पडलं होतं. मधोमध सूर्यभान आणि मच्छिंद्र खोबळ्यात हात घालून तयार उभे होते, मागे खडीवरचं सैन्य, आणि अलीकडे तिपाईवर कॅमेरा. नाथा कॅमेऱ्याशेजारी होता. ती धापा टाकत त्याच्याजवळ पोचली.

"अवं, थांबवा. त्या पट्ट्यास्नी धार हाय. मी लावून आनलीया, नवमीची."

"ठाऊक हाय," नाथा म्हणाला. "सकाळी अंगठा लावून बघितला मी."

तिला वाटलं, आपल्याला नीट ऐकू आलं नाही.

"ऊन बघ कसं पडलंय पात्यावर," तो हळू आवाजात, अगदी मायेने म्हणाला. "बोथट पात्यावर असं पडत न्हाई."

"सूर्यभानला सांगितलं का तुमी?"

"सांगितलं तर हात आखडंल त्याचा. मच्छिंद्रालाबी न्हाई सांगितलं. भ्यालेला माणूस खोटा लढतो, लंके. माझ्या तालमीचे गडी हायती, ओरखडा यायचा न्हाई." आणि त्याने हात वर केला.

कॅमेरा खरखरायला लागला. दोघे एकमेकांभोवती फिरले, पट्टे हवेत सणसणले. ओरडावं तर सूर्यभान वळून बघणार, आणि तो वळला की मच्छिंद्राचा पट्टा त्याच्या मानेवर. न ओरडावं तर पुढचा वार आहेच. तिसऱ्या फेरीला मच्छिंद्राच्या फेट्याचा शेमला तुटून वाळूत पडला. तो शेमल्याकडे बघतच राहिला, मग त्याने सूर्यभानाकडे बघितलं. त्याला वाटलं, सूर्यभानाने जाणूनबुजून केलं. त्याची नजर फिरली आणि पुढचा वार त्याने ठरवल्यापेक्षा खूप जोरात घातला. सूर्यभानाने तो चुकवला आणि उलटा हात उचलला.

लंकाबाई ओरडली नाही. ती चालत मध्ये गेली, समोरून, दोघांना दिसेल अशी. सूर्यभानाने हात मागे खेचला, पण पट्टा लवचिक. हात थांबला तरी टोक पुढे आलं, आणि तिच्या डाव्या हातावर कोपरापासून मनगटापर्यंत लाल रेघ उमटली. आधी नुसती रेघ. मग रक्त.

सूर्यभान किंचाळला. लंकाबाईने नवऱ्याकडे बघितलं, कारण बाईमाणूस अशा वेळी नवऱ्याकडेच बघते. नाथा होता तिथेच उभा होता. त्याचा हात वर होता. तोंड जरासं उघडं, डोळे चकाकत होते, आणि त्याच्या शेजारी कॅमेरा खरखरत होता. रीळ संपेपर्यंत खरखरत राहिला.

पुढचं सगळं कोणत्याही भल्या नवऱ्याने करावं तसं त्याने केलं, हे सांगितलंच पाहिजे. आपलं उपरणं फाडून तिचा हात बांधला, टेम्पो मिळवला, नेवाशाच्या दवाखान्यात चौदा टाके पडेपर्यंत तिचं डोकं मांडीवर घेऊन बसला. महिनाभर तिची वेणी त्याने घातली, वाकडीतिकडी. नाथा वस्ताद दुष्ट असता तर लंकाबाईचं काम सोपं झालं असतं.

तिने सगळं सूर्यभानाच्या कानावर घातलं. तो तिच्या उशाशी रडत बसला होता.

"त्यास्नी ठाऊक हुतं, सूर्यभान. सकाळीच अंगठा लावून बघितला हुता त्यांनी."

सूर्यभानाचं रडू थांबलं. "आक्का, असं बोलू नगं. धार कुनी लावली?"

"मी लावली. चुकले. पर त्यास्नी..."

"तू लावलीस, आन् आता त्यांच्यावर घालतीस? वस्ताद असं करायचे न्हाईत. जीव गेला तरी करायचे न्हाईत." आणि तो उठून गेला. चार दिवस तिच्या वाऱ्याला उभा राहिला नाही. लंकाबाईला हाताच्या टाक्यांपेक्षा हे जास्त लागलं. बरं, तिच्या बाजूने साक्ष कोण देणार? राधाकृष्ण? त्याचे त्या दिवशीचे दहा शब्द केव्हाच संपले होते.

दुसरा पिच्चर त्र्याहत्तरच्या चैत्रात तंबूत लागला. मध्ये येणारी बाई नायकाची बहीण आहे, असं नाथाने गोष्टीत घालून टाकलं होतं. लंकाबाई बघायला गेली नाही. तिला दुसऱ्यांनी सांगितलं. तो प्रसंग आला की तंबू चिडीचूप होतो, म्हणे. मग शिट्ट्या. मग काही बाया रडतात, आणि खेळ संपल्यावर लोक तोच तुकडा पुन्हा दाखवा म्हणून बसून राहतात. राहुरीपासून शेवगावपर्यंत तंबू भरायला लागले. पाणी नव्हतं, चारा नव्हता, पण लोक ते रक्त बघायला सात-आठ कोस चालत येत. बाजारात नाथाला लोक वाट करून द्यायला लागले. त्याने विचारलं की सगळे एकाच गोष्टीबद्दल बोलत: बाईचं तोंड. तसं तोंड कसं काय करवून घेतलंत, वस्ताद?

आणि लंकाबाईला जाणवायला लागलं की तो तिच्या तोंडाकडे बघतो. भाकरी थापताना, पाण्यासाठी रांगेत उभी असताना, हातावरच्या व्रणाला तेल लावताना. नवरा बायकोकडे बघतो त्यात वावगं काय? पण त्याची ती नजर तिने नेवाशाच्या तंबूत एकदा पाहिली होती. भाकरी थापताना ती आताशा भिंतीकडे तोंड करून बसे.

तिसऱ्या पिच्चरची जुळवाजुळव सुरू झाली, मारामारी सोडून निम्मा काढूनही झाला. सूर्यभान एकटा तिघांशी लढणार, असं ठरलं. शेवट काय, असं कोणी विचारलं की नाथा म्हणे, शेवट अजून ठरायचाय. नवमी आली, आणि या खेपेला पट्टे बन्सी लोहाराकडे तो स्वतः घेऊन गेला. बन्सी दबकत लंकाबाईला सांगून गेला, "वस्ताद म्हनले, मागल्या सालापरीस बारीक धार पायजे."

ती सूर्यभानाला भेटली. "उसतोडीच्या टोळीसंगं निघून जा," म्हणाली. "हात जोडते."

"पुन्हा तेच, आक्का? वस्तादांनी पट्टे पूजेपुरते धारेचे केलेत. शूटिंगच्या आधी घासून घेनार हायत. मला म्हनले तसं."

"तू बघितलंस? बोट लावून?"

"मी कशाला बोट लावू?" सूर्यभान दुखावून म्हणाला.

तिथे बोलणं संपलं. भाऊ ऐकणार नाही, तर नवऱ्याला धरायचं, असं तिने मनाशी ठरवलं आणि त्याच दिवशी नाथासमोर उभी राहिली. "माझा भाऊ लढनार असंल तर मी तितं बसनार. आन् ‘कट’ मी म्हननार. तुमी न्हाई. मला वाटंल तवा, मला वाटंल तितं."

तिला वाटलं होतं, तो आकांडतांडव करील. दिग्दर्शकाचा शब्द बायकोला देणं म्हणजे पाटलाने आपली काठी दुसऱ्याच्या हाती देण्यापेक्षा अवघड, असा त्याचा ताठा. पण तो लगेच म्हणाला, "बरं." वर हसला. "तूच म्हन." इतक्या सहज मिळालेली गोष्ट तिला खरी वाटेना. पण जे मिळालं ते सोडून चालणार नव्हतं.

दसऱ्याच्या सकाळी ती नदीवर गेली. तिच्यासाठी एक लाकडी खोकं मांडून ठेवलं होतं. ते कॅमेऱ्याच्या मागे नव्हतं, शेजारीही नव्हतं. थोडं पुढे, डाव्या अंगाला होतं, लढणाऱ्यांपासून दहा पावलांवर. "हितनं नीट दिसंल तुला," नाथा म्हणाला. तिने पदर खोचला आणि बसली. सूर्यभानाने वस्तादाच्या हातून पट्टा घेतला, डोकं टेकवून नमस्कार केला, आणि धारेकडे न बघता खोबळ्यात हात घातला. पात्यावर ऊन पडलं आणि लंकाबाईला कळायचं ते कळलं. घासलं-बिसलं काही नव्हतं.

नाथाने हात वर केला. खरखर सुरू झाली.

तिने पहिला वार पडायची वाटही बघितली नाही. "कट!" ती ओरडली. "सूर्यभान, थांब! कट!"

चौघेही थांबले. ठरलंच होतं तसं. या खेपेला तिचा आवाज म्हणजे थांबायची खूण. सूर्यभान पट्टा खाली करून उभा राहिला. पात्रात कोणी हललं नाही. आणि त्या शांततेत खरखर मात्र चालूच होती.

"मी कट म्हनलं," लंकाबाई म्हणाली.

कॅमेऱ्याचं तोंड हळूहळू वळलं. लढणाऱ्यांवरून निघालं, वाळूवरून सरकलं आणि तिच्यावर येऊन थांबलं. काचेत तिला ती स्वतःच दिसली, एवढीशी, खोक्यावर बसलेली. राधाकृष्णाने मान वर करून वस्तादाकडे बघितलं.

"चालू ठेव," नाथा म्हणाला. मग तिच्याकडे वळून, वेणी घालताना बोलायचा तशाच आवाजात, "लंके, ऊठ. ये मधी. सूर्यभान, तू चालू कर. दोघं-तिघं अंगावर जा रं त्याच्या."

बाकीचे तिघे जागचे हलले नाहीत. ते सूर्यभानाकडे बघत होते. सूर्यभान वाळू तुडवत वस्तादापुढे आला, आणि लंकाबाईला भीती वाटली, आता हा काय करतो. पण त्याने नुसतं विचारलं, लहान पोराने विचारावं तसं.

"वस्ताद, मागल्या दसऱ्याला. तुमाला ठाऊक हुतं?"

"व्हय," नाथा म्हणाला. लपवायचं त्याच्या मनातही आलं नाही.

"आक्काचा हात कापला तवा तुमी ‘कट’ का म्हनला न्हाई?"

नाथाने जरा विचार केला. खरं उत्तर द्यायचं म्हणून केला, पळवाट शोधायला नाही. "लई चांगलं दिसत हुतं रं," तो म्हणाला. "तुला काय सांगू. तसं मी जल्मात बघितलं न्हवतं. कट म्हनलं असतं तर गेलं असतं ते."

सूर्यभानाने खोबळ्यातून हात काढला, पट्टा वाळूत ठेवला आणि खोक्यापाशी येऊन लंकाबाईला उठवलं. "आक्का, चल," एवढंच म्हणाला. त्या दुपारी तो वस्ती सोडून गेला आणि महिन्याभरात टोळीबरोबर कारखान्याच्या उसावर होता. पट्टा त्याने पुन्हा हातात धरला नाही. तिसरा पिच्चर तिथेच राहिला, आणि पुढे नाथाला कोणी चौथ्यासाठी विचारलं नाही.

पात्रातून वर चढताना लंकाबाईला रडू कोसळलं. सूर्यभान म्हणाला, "आता कशाला रडतीस? मी हाय न्हवं जित्ता?" भाऊ तर सुटला होता. ती रडत होती नवऱ्यासाठी. त्याने दोघांना अगदी खरं खरं सांगून टाकलं होतं, आणि त्यात लाज वाटण्यासारखं काय आहे, हे त्याला कळलंच नव्हतं.